अपडेट कधीपर्यंत मिळणार, ते खोक्यावर छापा

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

मी मिरजेत १८ वर्षे वायरमनचे काम करतो. पूर्वी पंखा, बोर्ड, पाण्याची मोटार एवढेच असायचे. आता वायफायचे कॅमेरे, मोबाइलवर चालणारे स्विच आणि दाराची कुलुपेही बसवावी लागतात. त्यातल्या एका कॅमेऱ्यामुळे हे पत्र लिहितो आहे.

आमच्या भागात एक निवृत्त शिक्षिका एकट्या राहतात. मुलगा पुण्यात. त्याच्या सांगण्यावरून दोन वर्षांपूर्वी त्यांच्या दारावर मीच कॅमेरा बसवला. मे महिन्यात एका संध्याकाळी मुलाच्या मोबाइलवर कॅमेऱ्याचे फर्मवेअर अपडेट आल्याचा इंग्रजी संदेश आला आणि त्याने तिथूनच बटण दाबले. इकडे वळीव कोसळत होता. अपडेट निम्म्यावर आले असताना लाइट गेली. दहा मिनिटांनी आली, पण कॅमेऱ्याचा लाल दिवा तसाच राहिला. लुकलुकला नाही की निळा झाला नाही.

सकाळी शिडी लावून मी तो उतरवला. मागच्या बारीक भोकात टाचणी घालून रीसेट दाबून धरले, अडॅप्टर बदलून पाहिला. काही उपयोग झाला नाही. बाई शेजारी खुर्ची टाकून बसल्या होत्या. म्हणाल्या, ‘अरे, रात्री त्याने चार वेळा फोन केला. कडी लावलीस का, आतली कडी लावलीस का, एवढंच विचारत होता.’ सर्व्हिस सेंटरने फोनवर सांगितले, ते मॉडेल बंद झाले, वॉरंटी एकाच वर्षाची होती, नवीन घ्या.

फर्मवेअर म्हणजे उपकरणाच्या चिपमध्ये भरलेला मूळ प्रोग्रॅम. चांगल्या उपकरणात त्यासाठी दोन जागा ठेवतात. नवा प्रोग्रॅम रिकाम्या जागेत उतरतो, तपासला जातो आणि मगच चालू होतो. मध्येच वीज गेली तर जुना शाबूत असतो. स्वस्तातल्या बऱ्याच वस्तूंत जुन्यावरच नवा लिहिला जातो. लिहिता लिहिता लाइट गेली की सेट डेड. आपल्याकडे पावसात लाइट जाते हे शेंबडे पोरही सांगेल, मग वस्तू बनवणाऱ्याने ते धरून चालायला नको का?

चूक कंपनीकडूनही होते. २०१७ मध्ये अमेरिकेत एका कंपनीने एका मॉडेलचे अपडेट दुसऱ्याच मॉडेलला पाठवले आणि सुमारे ५०० कुलुपांचे कीपॅड चालेनासे झाले.

बाईंची हकिगत गल्लीत पसरल्यापासून माझी गिऱ्हाइके म्हणतात, ‘ते अपडेट बिपडेट काही करू नका हो.’ मला खरी काळजी याची वाटते, कारण अपडेट टाळणेही तितकेच धोक्याचे आहे. २०१६ मध्ये ‘मिराई’ नावाच्या व्हायरसने कारखान्यातून आलेला पासवर्ड तसाच ठेवलेले लाखो कॅमेरे, त्यांचे चित्रण साठवणारे डीव्हीआर आणि राउटर ताब्यात घेतले. त्यांच्याच जोरावर त्या वर्षी २१ ऑक्टोबरला अमेरिकेतल्या मोठमोठ्या वेबसाइट काही तास बंद पाडल्या गेल्या. घरातला कॅमेरा चोराच्या हाती जाऊ नये म्हणून पासवर्ड बदलायलाच हवा, आणि प्रोग्रॅममध्ये सापडलेली, चोराला आत शिरू देणारी भोके बुजवायला अपडेटही हवेच.

ब्रिटनमध्ये २९ एप्रिल २०२४ पासून अशा वस्तूला सुरक्षेची अपडेट किमान कधीपर्यंत मिळतील, हे कंपनीला जाहीर करावेच लागते. आपल्या केंद्र सरकारनेही ९ एप्रिल २०२५ पासून सीसीटीव्ही कॅमेऱ्यांना सुरक्षेची चाचणी सक्तीची केली आहे. हे पाऊल चांगलेच आहे. आता एवढे आणखी व्हावे.

बाईंना मी नवा कॅमेरा आणून दिला आणि राउटरसकट छोट्या यूपीएसवर टाकला. त्याचे खोके मी सहाही बाजूंनी वाचले. किंमत होती, बनवल्याचा महिना होता, आयात करणाऱ्याचा पत्ताही होता. अपडेट कोणत्या वर्षापर्यंत मिळणार, हे कुठेच नव्हते. किमतीच्या शेजारी ती तारीख ठळक छापण्याची सक्ती सरकारने करावी. ‘अपडेट चालू आहे, वीज बंद करू नका’ ही सूचनाही मोबाइलवर मराठीत यावी, म्हणजे बाईंसारख्यांना ती स्वतः वाचता येईल.

आपला,
एक वायरमन, मिरज