मॉलव्हर्नमधली ॲनी

वूस्टर, इंग्लंड, रविवार

ती. आईस,
सा. न.

फोनवर हे बोलता आलं नसतं, म्हणून लिहितोय.

आज आम्ही दोघं मॉलव्हर्नला गेलो होतो. इथून जवळच आहे. त्याला हे लोक डोंगर म्हणतात, पण आपल्या पांडवगडापुढे टेकाडच! तिथल्या चर्चच्या आवारात चार्ल्स डार्विनच्या मुलीची कबर आहे. ॲन एलिझाबेथ, जन्म २ मार्च १८४१, मृत्यू २३ एप्रिल १८५१. खाली एवढंच कोरलंय, ‘लाडकी आणि गुणी मुलगी’.

मॉलव्हर्नला तेव्हा डॉ. गली नावाचे वैद्य गार पाण्याचे उपचार करायचे. १८४९ मध्ये डार्विनला त्यांचा गुण आला होता, म्हणून आजारी ॲनीला त्याने तिथे आणलं. आई, एमा, दिवस भरत आलेले म्हणून घरीच. तिला रोज पत्रातून कळायचं.

पोर गेल्यावर आठवड्याभरात डार्विनने तिच्या आठवणी लिहून काढल्या. ती अर्धा अर्धा तास त्याचे केस विंचरत बसायची, त्याच्यासाठी चिमूटभर तपकीर पळवून आणायची. शेवटच्या दुखण्यात त्याने पाणी पाजलं, तर म्हणाली, ‘मी तुमची अगदी आभारी आहे.’ त्याच्याशी बोललेले तिचे हे शेवटचे शब्द. एमाने तिची लिहिण्याची पेटी जपून ठेवली होती. त्यात टाक, भरतकामाचं सामान, केसांची बट.

पेटीचं वाचलं आणि आपलं कपाट आठवलं. वरच्या खणातला नंदूचा कंपास.

त्याला धाप लागायची म्हणून आळीतल्या पोरांनी क्रिकेटचा नियमच बदलला होता, आठवतं? बॅट नंदूची, पळायचं दुसऱ्याने. तो गेल्यावरही कितीतरी दिवस कुणीतरी दुसऱ्यासाठी पळतच होतं. नवीन आलेल्या पोरांना तर वाटायचं, खेळ असाच असतो.

सूनबाई नेहमी चिडवते, तरणाताठा माणूस आणि चालतोस किती हळू! शाळेत जाताना दर दोन विजेच्या खांबांनंतर आम्ही थांबायचो, ती चाल अंगात राहिली. इतक्या वर्षांत हे तिला सांगितलंच नव्हतं. आज त्या आवारात सांगितलं. परतताना ती माझ्या बरोबरीने चालली, काही बोलली नाही.

कंपासात काय काय आहे, ते सावकाश लिहून कळव. बाबांना नमस्कार.

तुझा,
अरुण