मृगाचा बाण आणि म्हातारीचं बाजलं

मा. संपादक,
परवा नातीच्या शाळेतनं आकाशदर्शनाचा कागद आला त्यात नुसतं ओरायन शिकारी, ग्रेट बेअर असलंच सगळं, मृग आणि सप्तर्षी हे शब्दसुद्धा नाहीत, म्हणून हे पत्र. ग्रीकांच्या गोष्टी सांगा की, भारीच आहेत, पण आपल्या पण सांगा. ग्रीकांना जिथं शिकारी दिसला तिथंच आपल्या लोकांना हरीण दिसलं, म्हणजे शिकारच दिसली, ही गंमत पोरांना नको कळायला? प्रजापती हरणाचं रूप घेऊन रोहिणीच्या मागं लागला म्हणून व्याधानं बाण मारला, ते मधले तीन तारे म्हणजे तो बाण. त्या तिघांची रेष एका बाजूला वाढवली की व्याध सापडतो आणि दुसऱ्या बाजूला रोहिणी, गोष्टच नकाशा आहे बघा! आमची आजी तर सप्तर्षीला म्हातारीचं बाजलं म्हणायची, चार तारे खुरं आणि मागचे तीन चोर.

बरं, जूनमध्ये मृग लागला म्हणतो तेव्हा सूर्यच तिथं असतो, त्यामुळं रात्री मृग दिसतच नाही, तो बघायचा जानेवारीत जेवणानंतर. आता रंकाळ्यावर लाइटीच एवढ्या की व्याध तेवढा दिसतो. शाळांनी एखादी रात्र पोरांना मसाई पठारावर न्यावं, स्वेटर घालून.

– एक आजोबा, कोल्हापूर