काचेमागे आणि बोटीत

नगर,
रविवार, संध्याकाळ

प्रिय समू,

अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू एका दमात दोन बातम्या दिल्यास. स्टुडिओवाले म्हणतात, पूर्ण वेळ ये, ख्रिस्ती गाण्यांचं सगळं काम तुझ्याकडे सोपवतो. आणि पोहण्याचे सर म्हणतात, इंग्लिश खाडी पोहून जायला सोबतीची बोट आत्ताच बुक केली तर पुढच्या-पुढच्या वर्षी नंबर लागेल. वर विचारलंस, "पप्पा, तुम्ही सांगा, कुठलं करू?" मी "बघू" म्हणून फोन आईकडे दिला. डेपोत जन्मभर हिशेब लिहिले, आकडे समोर घेतल्याशिवाय तोंड उघडायची सवय नाही. आता वही घेऊन बसलोय, म्हणून पत्रच लिहितो.

आधी पाण्याचं. समुद्रात पोहणं हे करिअर आहे हे मला काही पटत नाही. तू लगेच फुगून बसू नकोस. ते मोठं काम आहे, पण त्यात पैसा येत नाही, जातो. ऑलिंपिकमध्ये 2008 पासून 10 किलोमीटरची शर्यत आहे, तिथे देश मागे उभा राहतो. पण ती वेगाची शर्यत, आणि तुझा वेग तेवढा नाही असं तुझे सरच म्हणतात. तुझ्यात आहे ती सोसण्याची ताकद. खाडी पार करणाऱ्याला रोख बक्षीस नाही, प्रमाणपत्र मिळतं. बोटीचं भाडं, निरीक्षकाची फी, विमानाचं तिकीट, तिथे हवामान उघडायची वाट बघत काढलेले दिवस, सगळं ज्याचं त्याने भरायचं. आकडा लाखांत जातो.

मिहीर सेनांचंच बघ. बॅरिस्टर माणूस. 1958 साली इंग्लिश खाडी पोहून जाणारे पहिले भारतीय. मग 1966 या एका वर्षात पाल्कची सामुद्रधुनी, जिब्राल्टर, दार्दानेल्स, बॉस्फरस आणि वर पनामा कालवा. पाल्कला नौदलाची जहाजं सोबत होती, तरी मोहिमेच्या पैशांसाठी धावाधाव त्यांनाच करावी लागली. पद्मश्री झाली, पद्मभूषण झालं. पुढे धंदा बसला, स्मरणशक्ती गेली, आणि 1997 साली हलाखीतच गेले. आरती साहांनी 1959 साली खाडी जिंकली, असं करणारी आशियातली पहिली बाई. पण त्यांच्याकडे रेल्वेची नोकरी होती. आपल्या पुण्याच्या रोहन मोरेंनी 2018 साली जगातल्या सातही अवघड सामुद्रधुन्या पुऱ्या केल्या. नगरला आमच्या कट्टयावर विचार, किती जणांना नाव ठाऊक आहे. क्रिकेटच्या राखीव खेळाडूची जात-गाव-सासुरवाडी माहीत असते!

आरती साहांची एक गोष्ट मात्र मला हिशेबापलीकडची वाटते. ऑगस्टमध्ये त्यांचा पहिला प्रयत्न झाला. सोबतची बोटच उशिरा आली, चाळीसेक मिनिटं. तरी ही अठरा वर्षांची मुलगी चौदा तासांच्या वर पोहली. इंग्लंडचा किनारा पाचेक मैलांवर आला आणि प्रवाह फिरला. पुढे सरकेना. बोट चालवणाऱ्या पायलटने आग्रह धरून तिला बाहेर काढलं. महिनाभराने, 29 सप्टेंबरला, ती पुन्हा उतरली आणि 16 तास 20 मिनिटांत पलीकडे पोचली. सगळे त्या 16 तास 20 मिनिटांबद्दल बोलतात. मी विचार करतो तो पहिल्या वेळच्या पायलटचा. किनारा समोर दिसत असताना, पोरगी "नाही, नाही" म्हणत असताना, "बस, आता वर ये" म्हणणाऱ्याचा. तसं करायला काळीज लागतं, आणि त्याचं नाव कुठे छापून येत नाही.

तू मला ते खाडीचं सगळं समजावलं होतंस ना, ते मी नीट लक्षात ठेवलंय. सरळ रेघ 33 किलोमीटरची, पण भरती-ओहोटी दर सहा तासांनी फिरते म्हणून माणूस वाकडातिकडा जातो आणि अंतर वाढतं. उधाणाच्या दिवसांत उतरायचं नाही. अंगावर पोहण्याचा साधा पोशाख, टोपी, चष्मा, काखेत-मानेला घासू नये म्हणून ग्रीस. बाटली दोरीला बांधून फेकायची, पोहणाऱ्याने पाण्यातच प्यायची. बोटीला हात लागला की खेळ संपला. आणि बोटीवरचा माणूस करतो काय, तर मिनिटाला हात किती पडतात ते मोजतो. हात मंदावले, बोलणं जड झालं, साध्या प्रश्नाला उत्तर चुकलं, की समजायचं थंडी आत शिरली. पोहणाऱ्याला स्वतःला ते कळत नाही, उलट तो म्हणतो मी ठीक आहे. म्हणून तर दुसरा माणूस लागतो.

आता स्टुडिओचं.

तुला आठवतं, मी पुण्याला आलो होतो तेव्हा तू मला काचेच्या अलीकडे खुर्ची दिलीस आणि "पप्पा, खोकू नका" म्हणालास. आत त्या वयस्क बाई आपल्या रेव्हरंड ना. वा. टिळकांचं भजन म्हणत होत्या. पेटीवाल्याने काळी चार धरली होती, म्हणजे पट्टी उंच. वरच्या सुराला त्यांचा आवाज फाटत होता, आणि फाटला की त्या तुझ्याकडे बघून कसनुसं हसत. मला वाटलं, तू आता म्हणणार, "बाई, पुन्हा." तू काही बोललाच नाहीस. आत गेलास, पाणी दिलंस, पेटीवाल्याच्या कानात काहीतरी सांगितलंस, दिवा जरा मंद केलास. बाहेर येऊन म्हणालास, "आता रेकॉर्डिंग नाही हं, जरा नुसतं म्हणून बघू या." आणि इकडे बटण चालूच ठेवलंस. खालच्या पट्टीत, काळी दोनमध्ये, ते रेकॉर्ड होतंय हे ठाऊक नसताना, बाई जे गायल्या तेच शेवटी गाण्यात राहिलं. मी चाळीस वर्षं चर्चच्या मंडळीत पेटी वाजवतोय, समू. गाणाऱ्याला असं सांभाळून पलीकडे नेणारे फार थोडे पाहिले.

म्हणून मी त्या धंद्यातलं थोडं शोधलं. तुझ्या ताईने मोबाइलवर वाचून दाखवलं. अमेरिकेत नॅशव्हिलला ब्राउन बॅनिस्टर म्हणून निर्माते आहेत. चर्चमध्ये तरुणांचं काम बघायचे आणि स्टुडिओत राबायचे. 1976 साली त्यांच्या मंडळीतल्या एमी ग्रांट नावाच्या शाळकरी मुलीची गाणी त्यांनी टेप करून दिली, तिच्या आईवडिलांना द्यायला म्हणून. टेपची प्रत काढताना स्टुडिओच्या मालकाने ती ऐकली आणि रेकॉर्ड कंपनीला फोनवरच वाजवून दाखवली. मुलीला करार मिळाला तेव्हा तिला सोळा वर्षं पुरीही झाली नव्हती. पहिली रेकॉर्ड बॅनिस्टरनीच केली. त्यांनीच केलेली तिची 1982 ची रेकॉर्ड पुढे दहा लाखांवर गेली. ख्रिस्ती गाण्यांत तोवर असं क्वचितच झालं होतं. तिला सगळं जग ओळखतं. बॅनिस्टरना ओळखतात फक्त त्या धंद्यातले लोक, पण काम त्यांना पुढेही कित्येक वर्षं मिळत राहिलं.

आता तिथला आणि इथला फरक ऐक, कारण तू त्यांचं बघून हुरळून जाशील. तिकडे ख्रिस्ती संगीताचा बाजारच वेगळा उभा आहे. टेक्सासच्या वेको गावात 1951 साली निघालेली कंपनी, स्वतःची पारितोषिकं, स्वतःची रेडिओ केंद्रं. मंडळ्या गाण्याचे शब्द पडद्यावर दाखवायलासुद्धा वर्षाची फी भरतात. आणि तरी ती फी जाते गीत लिहिणाऱ्याला आणि चाल बांधणाऱ्याला. स्टुडिओत बसून ज्याने गाणं उभं केलं, त्याला त्यातलं काही नाही. त्याचं पोट त्याच्या मेहनतान्यावर आणि करारात लिहून घेतलेल्या टक्क्यावर.

आपल्याकडे तर कागदाचीच बोंब. कॉपीराइटच्या कायद्यात ध्वनिमुद्रणाचा निर्माता म्हणजे ज्याने पुढाकार घेतला आणि जबाबदारी उचलली तो, म्हणजे बहुतेक वेळा पैसा घालणारा. तुम्ही पोरं स्वतःला प्रोड्यूसर म्हणवता, त्याला कायद्यात वेगळी जागा नाही. 2012 च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांना रॉयल्टीचा हक्क पक्का झाला, पण वाद्यं बसवणारा, मिक्स करणारा त्यात नाही. टिळक 1919 साली गेले, त्यांचे शब्द केव्हाच सगळ्यांचे झाले. तेव्हा जुनं भजन नव्याने केलंस तर त्यात तुझं काय, हे पहिल्या टेकच्या आधी लिहून घे. आधी! नंतर कुणी लिहून देत नाही.

आणि मंडळ्यांचं मी काय सांगू. नाव घेत नाही, पण एका मंडळीसाठी मी नाताळचा सगळा कार्यक्रम बसवला. तबलजीला पाकीट, माईकवाल्याला पाकीट, मंडपवाल्याला आगाऊ. मला शाल आणि नारळ. "प्रभूचं काम आहे, राव!" मला नोकरी होती, मी हसलो. तुला नोकरी नसेल. तुझ्याकडे येणाऱ्या दर तिसऱ्या पाळकाला वाटेल की मिक्सिंग म्हणजे प्रार्थनेसारखं फुकट असतं. त्यांना चिडून बोलू नकोस. दरपत्रक छापून भिंतीवर लाव. गरीब खेड्यातली मंडळी आली तर तुला वाटेल तितकं सोड, पण सोडणारा तू असावास. टिळकांनीही 1917 साली मिशनचा पगार सोडला होता, हे तू मला ऐकवशील. खरं आहे. घर कुणी रेटलं ते त्यांच्या बायकोला, लक्ष्मीबाईंना विचार.

तेव्हा माझं मत असं. स्टुडिओ घे. सरळ सांगतो, आडपडदा नाही. तो धंदा आहे, कच्चा असला तरी धंदा आहे, आणि तुला त्यात हात आहे. पाणी सोडू नकोस, पण त्यावर घर चालवायची स्वप्नं बघू नकोस. दोन्ही सारखंच करीन म्हणशील, तर कॅलेंडर काढून बघ. खाडीचा मोसम जुलै ते सप्टेंबर. नाताळची गाणी नोव्हेंबरात बाहेर यायची तर रेकॉर्डिंग कधी? त्याच महिन्यांत. मालवणला चिवला बीचची स्पर्धा डिसेंबरात, आणि डिसेंबरात तुला कुठली मंडळी सोडणार आहे? हे देवाने नाही, वेळापत्रकाने ठरवलेलं आहे, आणि वेळापत्रकाशी भांडून काय होतं ते एसटीवाल्याला विचार.

खाडीचं बुकिंग करायचंच असेल तर त्याआधी माझं एक ऐक. कुणाच्या तरी मोहिमेत बोटीवर जा. धरमतर ते गेट वे 36 किलोमीटर पोहणारी पोरं मुंबई-पुण्यात निघतच असतात, त्यांना सोबतीला माणूस हवा असतो. रात्रभर बाटल्या फेक, हात मोज, उलटी झाली की धीर दे, आणि वेळ आलीच तर "वर ये" म्हण. ते करून आलास आणि तरीही पाण्यातच उतरावंसं वाटलं, तर उतर. माझ्या फंडातले काही पैसे ठेवलेले आहेत. ताईच्या लग्नाचे वेगळे आहेत, त्याला हात लागणार नाही, हे आईने शपथ घालून लिहायला सांगितलंय. पण मला वाटतं तुला बोटीतली जागा जास्त आवडेल. स्टुडिओतही तू तीच निवडलीस. तुझं नाव कव्हरवर बारीक अक्षरात येतं त्याचं तुला कधी वाईट वाटलेलं मी पाहिलं नाही. मला थोडं वाटतं, पण तो बापाचा भाग झाला.

स्टुडिओवाल्यांना अजून हो म्हणू नकोस. पगार की कामागणिक पैसे, सुट्टीचं काय, रात्री उशिरा थांबलास तर काय, आणि तू केलेल्या गाण्यावर तुझं नाव कसं येणार, हे चार मुद्दे त्यांच्याकडून लेखी माग. कागद आला की मला फोटो पाठव, मी वाचून सांगतो. सही मी बघितल्यावरच कर.

आईचा गुडघा बरा आहे. ताईचं रुग्णालयात रात्रपाळीचं चालू आहे. मंडळीत नवीन पाळक आलेत, तरुण आहेत, गिटार वाजवतात, बघू.

तुझा,
पप्पा

ता. क. पेटीच्या भात्याला भोक पडलंय, मी चिकटपट्टी लावलीये पण वारा जातो. पुण्यात तुझ्या ओळखीचा तो पेटीवाला काय घेतो ते विचारून ठेव. पुढच्या महिन्यात रमेशमामा गाडी घेऊन येणार आहे, त्याच्यासोबत पाठवून देतो.