पहिलीच्या आधीच्या तीन वर्षांचं काय?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

नवीन शैक्षणिक धोरणावर तुमच्याकडे बरंच छापून येतं, चार वर्षांची डिग्री, क्रेडिट, मधेच कॉलेज सोडलं तर सर्टिफिकेट मिळणार की डिप्लोमा, सगळं वाचते मी. 2025 मध्ये पहिलीपासून हिंदीवरून केवढं रान उठलं, सरकारला जीआर मागे घ्यावे लागले, ते योग्यच झालं. पण पहिलीच्या आधी पोरं कुठे असतात आणि काय शिकतात याबद्दल कोणी चकार शब्द काढत नाही.

आपल्या डोक्यात अजून 10+2+3 च बसलंय, महाराष्ट्रात त्या पॅटर्नची पहिली दहावी 1975 ला झाली. 2020 च्या धोरणाने त्याचं 5+3+3+4 केलं आणि त्यातले पहिले 5 म्हणजे वय 3 ते 8, बालवाडीची तीन वर्षं आणि पहिली-दुसरी मिळून एकच पायाभूत टप्पा. पुढे तिसरी ते पाचवी, सहावी ते आठवी, नववी ते बारावी. रचना मला मनापासून पटते. मेंदूची 85 टक्क्यांहून जास्त वाढ सहा वर्षांच्या आत होते असं धोरणातच लिहिलंय.

आता गावात या. शाळा शिक्षण विभागाची, अंगणवाडी महिला व बालविकासची. कितीतरी ठिकाणी दोन्ही एकाच आवारात आहेत तरी गुरुजींचे साहेब गटशिक्षणाधिकारी आणि अंगणवाडी ताईंचे साहेब सीडीपीओ (बालविकास प्रकल्प अधिकारी), रजिस्टरं वेगळी, ट्रेनिंग वेगळं, मीटिंगा वेगळ्या. ताईंनी पोषण आहार द्यायचा, वजन-उंची घ्यायची, लसीकरणाला बाया गोळा करायच्या, सर्व्हे करायचे, ॲपमध्ये माहिती भरायची आणि उरलेल्या वेळात शिकवायचं, ते पण मानधनावर! बारावी झालेल्या ताईंना सहा महिन्यांचा सर्टिफिकेट कोर्स आणि बाकीच्यांना एक वर्षाचा डिप्लोमा असं धोरण म्हणतं, पण कोर्स केला म्हणून ताईंचं बाकीचं काम कुठे कमी होणार आहे?

दुसरीकडे प्रायव्हेट नर्सरी. दोन खोल्या भाड्याने घेतल्या, भिंतीवर कार्टून रंगवलं की झाली सुरू. साडेतीन वर्षांच्या लेकराला चार रेघी वहीत एबीसीडी गिरवायला लावतात, होमवर्क देतात आणि आईबाप त्यासाठी पोटाला चिमटा काढून फी भरतात. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत बरीच वर्षं पहिलीला शिकवलंय, एका बाकावर नर्सरीत रट्टा मारून आलेलं पोर, शेजारी ऊसतोडीला आईबापाबरोबर फिरून आलेलं, ज्याने खडूसुद्धा हातात धरलेला नाही. दोघांनाही जून महिन्यात एकच पुस्तक मिळतं.

याचं मूळ कायद्यात आहे. शिक्षण हक्क कायदा 6 ते 14 वयाला लागू, 3 ते 6 साठी सरकारला वाटलं तर सोय करावी एवढंच त्यात आहे, त्यामुळे गरीब बापाला कोर्टात जाऊन माझ्या चार वर्षांच्या पोरीला बालवाडी द्या असं हक्काने म्हणता येत नाही.

आणि हे महाराष्ट्रात व्हावं याचं जास्त वाईट वाटतं. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी 1945 मध्ये आत्ताच्या पालघर जिल्ह्यातल्या बोर्डीला आणि नंतर कोसबाडला आदिवासी मुलांसाठी बालवाड्या काढल्या, पोरं शाळेत येत नाहीत तर शाळाच त्यांच्या अंगणात नेली. दगड, पानं, बिया घेऊन शिकवलं, बडबडगीतं म्हणून घेतली. आपल्याला बाहेरून काही शिकून यायची गरजच नव्हती.

माझं म्हणणं एवढंच आहे की अंगणवाडीत फक्त शिकवण्यासाठी एक वेगळी बाई पूर्ण पगारावर नेमा, आहार-आरोग्याचं काम आत्ताच्या ताईंकडे राहू दे आणि त्यांचं मानधन पण वाढवा. प्रायव्हेट नर्सरीला परवानगी आणि तपासणी सक्तीची करा. आणि 3 ते 6 वय शिक्षण हक्क कायद्यात घ्या, ते केंद्राच्या हातात आहे हे मला माहितीये, म्हणून आपल्या 48 खासदारांपैकी कोण हा विषय लोकसभेत मांडणार हे तुमच्या बातमीदारांनी एकेकाला फोन करून विचारावं आणि उत्तरं नावानिशी छापावीत.

– एक निवृत्त प्राथमिक शिक्षिका, जि. बीड