तो शेरा आणि स्टेफनी मिल्स

चि. रेवास,
अनेक आशीर्वाद.

रेकॉर्डिंगवाल्यांनी तुझं गाणं ऐकून "नाटकातलं वाटतंय" असा शेरा मारला म्हणालीस, तेव्हा फोनवर तुझा आवाज अगदी एवढासा झाला होता. बाबांनी "त्यांना काय कळतंय!" म्हणून विषय मिटवला. मला मात्र त्यात थोडं तथ्य वाटलं. पण म्हणून नाटक सोडायचा तुझा विचार मला अजिबात पटलेला नाही.

मी स्वयंपाक करताना जिची गाणी लावते आणि तू "आई, परत तीच?" म्हणून वैतागतेस, त्या स्टेफनी मिल्सची हकीकत तुला नीट कधी सांगितलीच नाही. न्यूयॉर्कमधल्या ब्रुकलिनची पोर. चर्चमध्ये गाता गाता हार्लेमच्या अपोलो थिएटरमध्ये हौशी कलाकारांच्या स्पर्धेत उतरली आणि लहान वयातच जिंकली. तिथले प्रेक्षक गाणं आवडलं नाही तर तोंडावर हुर्यो उडवतात, तेव्हा भीड चेपायला याहून चांगली जागा नाही.

5 जानेवारी 1975 ला ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या मोठ्या व्यावसायिक रंगभूमीवर, 'द विझ' हे संगीत नाटक आलं. गोष्ट 'विझर्ड ऑफ ऑझ'चीच, पण सगळे कलाकार कृष्णवर्णीय आणि गाणी सोल-गॉस्पेलच्या, म्हणजे कृष्णवर्णीयांच्या चर्चमधल्या गाण्यांच्या अंगाची. स्टेफनी त्यातली नायिका डोरोथी झाली तेव्हा 17 वर्षांची होती. सुरुवातीला नाटक बंद करायची नोटीससुद्धा लागली होती. टीव्हीवरच्या जाहिरातीने ते तरलं आणि पुढे 1,672 प्रयोग झाले. टोनी, म्हणजे तिकडचे नाटकांचे मोठे पुरस्कार, मिळाले सात, आणि त्या सातांत डोरोथीचं नाव नाही! तिकडे आठवड्याला आठ प्रयोग करायची रीत. शेवटचं 'होम' हे गाणं प्रत्येक प्रयोगात, दमलेल्या गळ्याने, शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायचं.

एवढं गाजल्यावर रेकॉर्डही खपणार असं कुणालाही वाटेल. मोटाउन या रेकॉर्ड कंपनीने त्याच वर्षी तिचा अल्बम काढला, बर्ट बॅकरॅक आणि हॅल डेव्हिडसारखी संगीतकार-गीतकारांची मातब्बर जोडी दिमतीला देऊन. तो चालला नाही आणि कंपनीने तिला सोडून दिलं. मी तो ऐकलाय; मला तिथे ती दुसऱ्या कुणाचे तरी कपडे घालून उभी राहिल्यासारखी वाटते. त्यात 1978 मध्ये 'द विझ'चा सिनेमा आला आणि डोरोथी झाली प्रसिद्ध गायिका डायना रॉस, चौतिशीतली. (यावर मी अजून चिडते, बाबा हसतात.)

खरा पालट 1979 मध्ये झाला. जेम्स एमटुमे आणि रेजी लुकस हे दोघे जॅझवाल्या माइल्स डेव्हिसच्या वाद्यवृंदात वाजवून आलेले. त्यांनी तिच्यासाठी ठेक्यावर बसणारी गाणी बांधली. 1980 च्या 'नेव्हर न्यू लव्ह लाइक धिस बिफोर'ला ग्रॅमी मिळालं, गाणं बिलबोर्ड मासिकाच्या लोकप्रिय गाण्यांच्या मुख्य यादीत सहाव्या क्रमांकापर्यंत गेलं. हे हेडफोन लावून ऐक. सुरुवातीला ती जवळजवळ बोलतेच. मोठा आवाज तिच्याकडे आहे, पण तो ती लगेच काढत नाही. आणि नाटकाने दिलेलं कुठेही टाकलेलं नाही: प्रत्येक शब्द स्वच्छ, आणि तो कुणाला तरी उद्देशून.

तुझं तिथेच अडतंय, असं माझ्या कानाला वाटतं. माइक तोंडाशी असतानाही तू बाल्कनीसाठी गातेस. वसंतरावांची 'कट्यार'मधली पदं आणि मैफिलीतलं एखादं रेकॉर्डिंग लागोपाठ ऐकलंस तर मी काय म्हणतेय ते कळेल. पहिलं कडवं अर्ध्या आवाजात, समोर एकच माणूस आहे असं धरून म्हणून बघ आणि मला पाठव. एको वगैरे न घालता.

1989 मध्ये स्टेफनीने 'होम' पुन्हा रेकॉर्ड केलं. ते रचणारा चार्ली स्मॉल्स तोवर गेला होता. सतराव्या वर्षी रंगमंचावर गायलेलं तेच गाणं बत्तिशीत बिलबोर्डच्या आर अँड बी (रिदम अँड ब्लूज) गाण्यांच्या यादीत पहिलं आलं. 2015 मध्ये टीव्हीवर 'द विझ' झालं तेव्हा ती डोरोथीची मावशी होती, आणि तिथेही गायली.

तेव्हा नाटकाच्या दौऱ्याला नाही म्हणू नकोस. स्टुडिओवाल्यांना दौऱ्यानंतरच्या तारखा माग, आणि आगाऊ पैसे लेखी पावतीशिवाय देऊ नकोस. गरम पाणी पीत जा. शेऱ्याबद्दल मी काय म्हणाले ते बाबांना मात्र सांगू नकोस, त्यांनी त्या लोकांना खरमरीत मेल लिहायला घेतलीय.

तुझी,
आई