‘ओ कांगासेइरो’ मराठी उपशीर्षकांसह दाखवायचा आहे. पोर्तुगीज जाणणारे हवेत, वर्गणीही हवी

रसिकहो, सस्नेह नमस्कार.

लिमा बारेतो यांचा ‘ओ कांगासेइरो’ हा १९५३ सालचा ब्राझिलियन चित्रपट मराठी उपशीर्षकांसह दाखवायचे आपल्या फिल्म सोसायटीने ठरवले आहे. त्या वर्षी फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात तो सर्वोत्कृष्ट साहसपट ठरला आणि त्याच्या संगीताचा खास उल्लेख झाला.

ईशान्य ब्राझीलच्या कोरड्या, काटेरी मुलखात लुटालूट करणाऱ्या टोळ्यांची ही कथा. त्यांचा सर्वांत गाजलेला म्होरक्या लांपियाँव १९३८ मध्ये मारला गेला. म्हणजे चित्रपट आला तेव्हा या टोळ्यांची दहशत भोगलेली माणसे हयात होती. कप्तान गाल्दिनोची टोळी एका शिक्षिकेला पळवून आणते, टोळीतलाच तेओदोरो तिला सोडवून निघतो आणि पाठलाग सुरू होतो. गोष्ट एवढीच, पण ती पाहावी मोठ्या पडद्यावर. क्षितिजावरून गात जाणारी घोडेस्वारांची काळी रांग, वर दुमडलेल्या काठांच्या, चांदण्या-नाणी जडवलेल्या कातडी टोप्या आणि टोपीखालची गाल्दिनोची नजर! मिल्टन रिबेरोने ही भूमिका अशी केली आहे की खलनायकावरून डोळा हटत नाही.

चित्रपट देशोदेशी चालला. परदेशी वितरण मात्र ‘कोलंबिया पिक्चर्स’ या अमेरिकी कंपनीच्या हाती होते, त्यामुळे त्या कमाईचा वेरा क्रूझ या निर्मितीसंस्थेला फारसा लाभ झाला नाही आणि १९५४ मध्ये ती डबघाईला आली. फार वाईट वाटते.

संवाद लिहिले ईशान्य ब्राझीलमधल्याच सेआरा प्रांतातल्या लेखिका राकेल दे केइरोझ यांनी. इंग्रजी उपशीर्षकांवरून मराठी केले तर तिथल्या बोलीचा ठसका दोनदा गाळला जाईल, म्हणून आम्हाला थेट पोर्तुगीजवरूनच भाषांतर करायचे आहे. गोव्यात शाळेत पोर्तुगीज शिकलेली ज्येष्ठ मंडळी अजून आहेत. आपल्या घरात, ओळखीत असे कुणी असतील तर त्यांना अवश्य विचारा. संवाद ऐकून अर्थ सांगितला तरी पुरे, मराठी लिहायला आमचे कार्यकर्ते सोबत बसतील. ब्राझीलमध्ये राहिलेले मराठीजन मदतीला आले तर बोलीतल्या कितीतरी अडचणी सुटतील.

प्रदर्शनाचे हक्क, सभागृहाचे भाडे आणि उपशीर्षकांचे तांत्रिक काम यांसाठी पैसाही लागेल. फूल ना फुलाची पाकळी, जमेल तेवढे द्या. विद्यार्थ्यांना प्रवेश विनामूल्य ठेवायचा आहे, त्यामुळे तिकिटांवर खर्च भागणार नाही. प्रत्येक रकमेची पावती मिळेल, जमाखर्च सूचनाफलकावर लावू. वर्गणी सोसायटीच्या कार्यालयात संध्याकाळी स्वीकारली जाईल. भाषांतराला मदत करणाऱ्यांनीही तिथेच नाव नोंदवावे.

आपले,
कार्यकारिणी सदस्य