समुद्रतळाची मोजणी कपाटात कशासाठी?

मा. केंद्रीय पृथ्वी विज्ञान मंत्री यांस,
स. न. वि. वि.

आपल्या मंत्रालयासाठी नवं सागरी संशोधन जहाज बांधायचा करार 2024 साली कोलकात्याच्या गार्डन रीच गोदीशी झाला. खर्च 800 कोटींच्या वर. 1983 मध्ये जर्मनीत बांधलेल्या ‘सागर कन्या’नं चाळिशी केव्हाच ओलांडली आहे, त्यामुळे या खर्चावर कुरकुर करायला हे पत्र नाही. जहाज मोहिमेहून परतल्यावर त्यावरून जो डेटा उतरतो, त्याचं पुढे काय होतं, एवढंच विचारायचं आहे.

विद्यार्थी असताना अशा एका भूभौतिक मोहिमेवर मी गेलो होतो. मागच्या डेकवरच्या विंचवरून स्ट्रीमर, म्हणजे आत हायड्रोफोन (पाण्यातले माइक) ओवलेली लांबलचक केबल, पाण्यात सोडायलाच कितीतरी तास गेले. मग एअरगन (दाबलेल्या हवेचे बार काढून तळाकडे आवाज पाठवणाऱ्या तोफा) सुरू झाल्या. दर काही सेकंदांनी पायाखालच्या पत्र्यातून एक ठोका यायचा, दिवसरात्र. तिसऱ्या दिवसापासून तो कानाला जाणवेनासा झाला. थांबला, की मात्र झोपलेलेसुद्धा खडबडून उठायचे, कारण ठोका थांबला म्हणजे काहीतरी बिघडलं. मॅग्नेटोमीटर जहाजापासून बराच मागे ओढावा लागतो. जहाज स्वतःच लोखंडाचा डोंगर, त्याच्याजवळ चुंबकत्व काय मोजणार! वेग चार-पाच नॉट, धावणारा माणूस सहज पुढे जाईल इतका. पाणी चार हजार मीटर खोल असेल, तर आवाज तळाला आपटून परत यायलाच पाच सेकंदांहून जास्त लागतात. अशा चालीनं एकेक रेषा, म्हणजे जहाजानं मोजत कापलेली सरळ वाट, पुरी होते.

पुढे मी शिकवू लागलो. माझ्या एका विद्यार्थ्याला प्रबंधासाठी अशाच काही जुन्या रेषा हव्या होत्या. एका सरकारी संस्थेला पत्र लिहिलं, अर्ज भरला, आठवणीची पत्रं पाठवली. दरम्यान संबंधित अधिकारी बदलले. अकरा महिन्यांनी उत्तर आलं, सोबत एक नकाशा. तोच नकाशा, जो छापील लेखात आम्ही आधीच पाहिला होता! मुलानं विषय बदलला आणि आता तो सॉफ्टवेअर कंपनीत आहे. त्याचं उत्तम चाललंय म्हणा.

हे आठवायला निमित्त झालं कार्ल्सबर्ग रिजचं. अरबी समुद्रातल्या या कण्यावर, म्हणजे तळावरच्या लांबलचक डोंगररांगेवर, सल्फाइड खनिजांचा शोध घेण्यासाठी भारतानं 2025 मध्ये आंतरराष्ट्रीय समुद्रतळ प्राधिकरणाशी करार केला. (नाव बिअरचंच आहे. ज्या डॅनिश मोहिमेत या रांगेला नाव मिळालं, तिला कार्ल्सबर्ग फाउंडेशनचा पैसा होता.) आंतरराष्ट्रीय हिंदी महासागर मोहिमेच्या काळात, 1962 साली, ब्रिटिश आरमाराच्या ‘ओवेन’ या सर्वेक्षण जहाजानं याच कण्याचा एक छोटा तुकडा चुंबकीय दृष्टीनं मोजला. मोजणीची जबाबदारी केंब्रिजच्या ड्रमंड मॅथ्यूज यांच्यावर होती. परतल्यावर ते आकडे हाताळायला मिळाले फ्रेड व्हाइन या कोवळ्या संशोधक विद्यार्थ्याला, जो त्या जहाजावर नव्हताच. 1963 मध्ये दोघांचा लेख आला. कण्याच्या दोन्ही अंगांना उलटसुलट चुंबकीय पट्टे का दिसतात, याचा उलगडा त्यात होता. नवा समुद्रतळ कण्यापाशी जन्मतो, थंड होताना पृथ्वीच्या त्या वेळच्या (आणि अधूनमधून उलटणाऱ्या) चुंबकीय दिशेचा ठसा घेतो आणि दोन्हीकडे सरकत जातो. भूपट्टांच्या सिद्धांताचा हा एक भक्कम खांब आपल्या अंगणातल्या समुद्रातून उभा राहिला, आणि तो उभा करायला जहाजाबाहेरचं एक डोकं लागलं. त्या मुलाला अकरा महिने थांबवलं असतं तर?

आपल्याकडे अडचण एकाच दाराची नाही. ‘सागर निधी’ हे संशोधन जहाज आपल्या मंत्रालयाकडे, ‘समुद्र रत्नाकर’ भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणामार्फत खाण मंत्रालयाकडे, ‘सिंधु साधना’ सीएसआयआर या वैज्ञानिक संशोधन परिषदेकडे. समुद्र एकच, कपाटं तीन. कोणत्या जहाजानं कोणत्या रेषा मोजल्या, हे एका जागी दिसलं, तर तीच रेषा पुन्हा मारायची वेळ कमी येईल. एअरगनचा प्रत्येक बार देवमाशांच्या कानावरही पडतो, तेव्हा दुसऱ्यांदा बार काढण्याआधी पहिल्याचा हिशोब पाहिलेला बरा.

सुरक्षेचा मुद्दा येणार, याची कल्पना आहे. किनाऱ्याजवळचा बारीक तपशील नौदलानं राखून ठेवावा, माझी हरकत नाही. करारातल्या खनिजांचा तपशीलही ठेवा. पण भर महासागरातली खोली, गुरुत्व आणि चुंबकत्व हे सगळंच एका गठ्ठ्यात बांधू नये. बेपत्ता झालेल्या एमएच370 विमानाच्या शोधात दक्षिण हिंदी महासागराचा तळ मोजला गेला. विमान सापडलं नाही, 2017 च्या जानेवारीत शोध थांबवला आणि त्याच वर्षी ऑस्ट्रेलियानं ती मोजणी जगाला खुली करायला सुरुवात केली. कोणालाही उतरवून घेता येते. माझ्या निवृत्तीआधीच्या शेवटच्या तुकडीनं त्यावरच प्रात्यक्षिकं केली. आपल्याच महासागराचा तळ आम्ही ऑस्ट्रेलियाच्या संकेतस्थळावरून शिकलो.

सरकारी डेटा खुला करण्याचं राष्ट्रीय धोरण 2012 पासून आहे, म्हणून नवा कायदा मागत नाही. मागणी अगदी लहान आहे. मोहिमेचं जहाज बंदरातून सर्वेक्षणाच्या जागी पोचेपर्यंत कित्येक दिवस नुसतं चालत असतं. त्या वाटेवर कोणाचा प्रबंध नसतो, कोणाचं खनिज नसतं. देशाची सागरी हद्द ओलांडल्यावर मल्टीबीम (आवाजानं तळाच्या रुंद पट्टीची खोली मोजणारं यंत्र) सुरू ठेवायचा आणि येता-जाता होणारी ती मोजणी परतल्यापासून तीन महिन्यांत संकेतस्थळावर टाकायची, एवढा एक आदेश आपण काढावा. जगातल्या समुद्रतळाचा जेमतेम चौथा हिस्सा असा नीट मोजून झाला आहे, तेव्हा वाटेतली पट्टीही वाया जाणार नाही.

गोदीतलं जहाज मोहिमेवर निघायला अवकाश आहे. आदेश त्याआधी निघाला, तर पहिल्याच सफरीच्या फाइली कोणत्या फोल्डरमध्ये जाणार, हे जहाजावरच्या पोरांना निघतानाच ठाऊक असेल.

आपला नम्र,
भूभौतिकशास्त्राचा एक निवृत्त शिक्षक